ऊन पाणी आणि मोकळी हवा

(नभोवाणीवरील भाषण)

माझ्या लहानपणीं आमच्या घराच्या मागील दारीं तांब्याचा एक बंब असे. पहांटे आजी उठे, बंबांत पाणी भरी, मधल्या नळकांड्यांत करवंट्या, गोंवऱ्या आणि लांकडाच्या ढलप्या टाकून जाळ करी, आणि तासाभरानें घरांतील प्रत्येकाच्या वांट्याला घंगाळभर ऊन पाणी येई. जो उशिरां उठे त्याला कोमट पाण्यावर भागवावें लागे. आणि जो लौकर उठे त्याच्या डोळ्यांत धूर जाई. त्या धुराला आम्हां मुलांनीं किती शिव्या दिल्या असतील त्याची गणती नाहीं. आज साठीच्या पलीकडे गेल्यावर मला वाटतें कीं, त्या धुराची आम्हीं क्षमा मागितली पाहिजे. तो डोळ्यांना झोंबे म्हणूनच बंब घराबाहेर राहिला. आणि बंब बाहेर राहिला म्हणूनच आमच्या घरीं स्नानाला गेलेला मनुष्य स्वतःच्या पायांनीं परत आला.

आज बंब अडगळींत गेला आहे. कांहीं घरीं तर तो दिवाणखान्यांत शोभेसाठीं उभा असतो. त्याच्या जागीं भिंतीवर एक पांढरी पेटी आली आहे. तोटी फिरवितांच तिच्यांत टकटक असा आवाज होतो, निळी ज्योत उमटते आणि पाहतां पाहतां ऊन पाणी वाहूं लागतें. पाणी सांठविण्याची टाकी नाहीं, वाट पाहणें नाहीं, आणि पाहुणे कितीही आले तरी पाणी संपणें नाहीं. गॅसवर चालणाऱ्या या बिनटाकीच्या गीझरविषयीं आज मला बोलावयाचें आहे. तो कसा निवडावा, कोठें बसवावा आणि कसा सांभाळावा, हा विषय वरवर पाहतां दुकानदाराचा आणि नळाचें काम करणाऱ्या कारागिराचा वाटेल. परंतु तो गृहस्थाचा आणि गृहिणीचा विषय आहे, असें माझें अनुभवान्तीं मत झालें आहे. तो अनुभवच आधीं सांगतों.

कांहीं वर्षांपूर्वीं माझ्या धाकट्या बहिणीनें पुण्यास नवें घर घेतलें. मी आयुष्यभर विद्यार्थ्यांना उष्णताशास्त्र शिकविलेला मनुष्य. तेव्हां गीझर निवडण्याचें काम 'दादाला विचारा' म्हणून साहजिकच माझ्याकडे आलें. मीं कागद घेऊन हिशोब मांडला, विजेच्या बिलाची आणि गॅसच्या खर्चाची तुलना केली, आणि एक लहानसा, स्वस्त गॅसचा गीझर पसंत केला. तो बसवितांना मी तेथें नव्हतों. बसविणाऱ्या माणसानें तो न्हाणीघराच्या आंतच भिंतीवर बसविला. वर झडपांचा एक झरोका होता, त्यामुळें कोणालाच त्यांत कांहीं वावगें वाटलें नाहीं. पुढें थंडी पडली. पहांटेचा गार वारा ओल्या अंगावर येतो म्हणून माझ्या बहिणीनें त्या झरोक्याला पुठ्ठा लावून टाकला.

त्या डिसेंबर महिन्यांत माझी भाची, तिचें वय तेव्हां एकोणीस वर्षांचें होतें, स्नानानंतर डोकें दुखतें, मळमळतें, अशी तक्रार करूं लागली. घरांत तिला कारणें पुष्कळ सांगण्यांत आलीं: केस ओले ठेवतेस, रात्रीं जागतेस, सकाळीं कांहीं खात नाहींस. एका रविवारीं मी त्यांच्याकडे मुक्कामाला असतां ती न्हावयाला आंत गेली. दहा मिनिटें झालीं, पंधरा झालीं. पाण्याचा आवाज चालूच होता. इतक्यांत बादली पडल्याचा आवाज झाला. हांका मारल्या, पण उत्तर आलें नाहीं. दाराला आंतून कडी होती. मेहुण्यांनीं आणि मीं खांदा देऊन दार फोडलें, तेव्हां ती जमिनीवर पडलेली होती, हातपाय आंखडत होते, आणि वर भिंतीवरच्या पेटींत ज्योत जळतच होती. ती निळी राहिली नव्हती, पिंवळी झाली होती.

आम्हीं तिला उचलून सज्जांत आणलें. मोकळ्या हवेंत थोड्या वेळानें तिनें डोळे उघडले. रुग्णालयांत प्रथम अपस्माराचा संशय घेण्यांत आला; झटका आम्हीं सर्वांनीं पाहिला होता, तेव्हां त्यांत डॉक्टरांकडे दोष जात नाहीं. पण एका तरुण डॉक्टरीणबाईंनीं विचारलें, "घरीं स्नानाचें पाणी कशावर तापवतां?" त्या एका प्रश्नानें सगळा उलगडा झाला. भाची वांचली, आज ती सुखानें संसार करीत आहे. मात्र त्या दिवशीं रुग्णालयाच्या बांकावर माझी बहीण मला एवढेंच म्हणाली, "दादा, तूं बघून घेतला होतास ना?" तिच्या बोलण्यांत राग नव्हता. तो असता तर मला बरें वाटलें असतें.

श्रोतेहो, मीं हिशोब पाण्याचा केला होता, पैशाचा केला होता. हवेचा केला नव्हता. तो राहिलेला हिशोब आज आपण करूं.

एक लिटर पाणी एक अंश सेल्सिअसनें तापविण्यास एक किलोकॅलरी उष्णता लागते. थंडीच्या दिवसांत नळाचें पाणी २० अंशांचें धरा, आणि स्नानाला ४० अंशांचें पाणी पुरतें असें समजा. म्हणजे २० लिटरांच्या एका बादलीला ४०० किलोकॅलरी उष्णता हवी. घरगुती सिलिंडरमधील एक किलो गॅस जळला म्हणजे सुमारें ११,००० किलोकॅलरी उष्णता मिळते. तिच्यापैकीं शेंकडा ८० ते ८५ भाग पाण्याला पोंचतो असें धरलें, तर एका बादलीला ४५ ग्रॅमच्या आसपास गॅस लागतो, आणि १४.२ किलोंच्या एका सिलिंडरमध्यें तीनशेंहून अधिक बादल्या पाणी तापतें. विजेच्या टाकीविरहित गीझरशीं तुलना केली, तर ३ किलोवॅटचा तसा गीझर २० अंशांनीं वाढलेलें पाणी मिनिटाला कसेंबसें दोन लिटर देतो. गॅसचा लहान गीझर तेंच पाणी सहा लिटर सहज देतो. हा हिशोब मोठा मोहक आहे, आणि मीही त्यालाच भुललों.

आतां त्याच हिशोबाची दुसरी बाजू पाहूं. मिनिटाला सहा लिटर पाणी तापवावयाचें तर मिनिटाला सुमारें १३ ग्रॅम गॅस जळतो. एक किलो गॅस पूर्ण जळण्यास १२ घनमीटरांहून अधिक हवा लागते. म्हणजे दहा मिनिटांच्या एका स्नानाला हा गीझर दीड घनमीटराहून अधिक हवेंतील सगळा प्राणवायु खाऊन टाकतो. आपल्या शहरांतील न्हाणीघर केवढें असतें? चार फूट रुंद, सहा फूट लांब आणि आठ फूट उंच, असें धरलें तर त्यांत साडेपांच घनमीटरांपेक्षांही थोडी कमीच हवा मावते. त्याच हवेवर स्नान करणारा मनुष्य श्वास घेत असतो. एका लहान खोलींत श्वास घेणारे असे दोघे असतात, एक मनुष्य आणि एक ज्योत. आणि ज्योतीचा घांस मनुष्याच्या घांसापेक्षां कितीतरी मोठा असतो.

हवेंत प्राणवायूचें प्रमाण शेंकडा २१ असतें. दार आणि झरोका घट्ट बंद असतील तर पांचएक मिनिटांतच तें १८ च्या आसपास उतरूं शकतें. मग ज्योतीला पुरेसा प्राणवायु मिळत नाहीं आणि गॅस अर्धवट जळूं लागतो. पूर्ण जळतो तेव्हां त्यापासून कार्बन डायॉक्साइड आणि पाण्याची वाफ होते. अर्धवट जळतो तेव्हां कार्बन मोनॉक्साइड नांवाचा विषारी वायु होतो. या वायूला रंग नाहीं, वास नाहीं, चव नाहीं. येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे. सिलिंडरमधील गॅसला कंपन्या मुद्दाम उग्र वास मिसळतात, त्यामुळें गॅस गळला तर नाकाला लगेच कळतें. म्हणून आपण समजतों कीं वास आला नाहीं, म्हणजे सर्व ठीक आहे. परंतु तो वास न जळलेल्या गॅसचा; जळण्यांतून निर्माण झालेल्या विषाला तो नसतो.

आपल्या रक्तांतील लाल द्रव्य, म्हणजे हिमोग्लोबिन, फुप्फुसांतून प्राणवायु उचलून शरीरभर पोंचवितें. कार्बन मोनॉक्साइडशीं त्या द्रव्याचें सख्य प्राणवायूच्या दोनशें पटींहून अधिक आहे. प्राणवायूसाठीं राखलेल्या जागेवर हा आगंतुक येऊन बसतो आणि लौकर उठत नाहीं. स्कॉटलंडचे शास्त्रज्ञ जॉन स्कॉट हॉल्डेन यांनीं कोळशाच्या खाणींतील मृत्यूंचा शोध घेतांना या वायूचे प्रयोग स्वतःच्या शरीरावर करून १८९५ सालीं ते प्रसिद्ध केले. खाणींत पिंजऱ्यांतील लहान पक्षी नेण्याची चाल त्यांच्याच सूचनेंतून आली. लहान प्राण्याला विषाची बाधा माणसाच्या आधीं होते, एवढाच त्याचा अर्थ. हवेंत या वायूचें प्रमाण शेंकडा एक झालें तर कांहीं मिनिटांत प्राण जातो. त्याहून पुष्कळ कमी असलें तर डोकें दुखतें, चक्कर येते, मळमळतें आणि पायांतील शक्ति जाते. हें शेवटचें लक्षण सर्वांत घातक; कारण धोका कळला तरी उठून कडी काढण्याचें बळ उरत नाहीं.

मनुष्यानें ही चूक आजच केली आहे असें नाहीं. लंडनमधील बेंजामिन वॉडी मॉन या रंगकाम करणाऱ्या गृहस्थानें १८६८ सालीं गॅसवर पाणी तापविण्याचें यंत्र काढलें आणि आइसलंडमधील गेसिर या प्रसिद्ध उष्ण फवाऱ्यावरून त्याला गीझर हें नांव दिलें. त्या यंत्राला धुरांडें नव्हतें. जळलेला वायु थेट स्नानगृहांतच पसरे. पुढें तें सुधारत गेलें, त्याला धुरांडें आलें. आणि ब्रिटनमध्यें १९९८ च्या गॅससुरक्षा-नियमांनीं असें ठरविलें कीं, ज्या यंत्राची ज्योत खोलीच्या हवेपासून पूर्णपणें अलग बंदिस्त केलेली असेल, तेंच गॅसचें यंत्र स्नानगृहांत बसवावें. ज्या देशांत गीझर जन्मला, त्या देशाला एवढी गोष्ट अनुभवानें शिकावी लागली. आपण ती फुकट शिकूं शकतों.

आतां निवडीकडे वळूं. दुकानांत गेल्यावर 'कोणत्या कंपनीचा घेऊं?' हा पहिला प्रश्न आपण विचारतों. तो दुसरा प्रश्न आहे. पहिला प्रश्न घरांतच विचारावयाचा: 'ठेवूं कोठें?' गॅसच्या गीझरचे ढोबळ मानानें तीन प्रकार आहेत. पहिला प्रकार बिनधुरांड्याचा. तो खोलींतील हवा घेतो आणि जळलेला वायु खोलींतच सोडतो. स्वस्त आणि सुटसुटीत, म्हणून आपल्याकडे तोच अधिक खपतो. दुसरा प्रकार धुरांड्याचा. तो हवा खोलींतीलच घेतो, पण जळलेला वायु नळीवाटें बाहेर टाकतो. तिसरा प्रकार बंदिस्त ज्योतीचा. त्याची हवाही बाहेरूनच येते आणि जळलेला वायुही बाहेरच जातो. खोलीशीं त्याचा संबंधच नसतो. पहिला प्रकार घराच्या आंत कोठेंही बसवूं नये. उघड्या सज्जांतच बसवावा. दुसराही न्हाणीघरांत नको. तो मोकळ्या, हवेशीर जागीं असावा. आंत बसविण्याची वेळच आली तर तिसराच घ्यावा. आणि जर घरांत उघडा सज्जा नसेल, धुरांडें काढण्यास बाहेरची भिंत नसेल आणि तिसऱ्याची किंमत परवडत नसेल, तर गॅसचा मोह सोडावा. विजेचा टाकीचा गीझर थोडा महाग पडेल, गच्चीवरील सूर्यशक्तीचा बंब पावसाळ्यांत रुसेल; पण दोघेही आपल्या हवेंत वांटेकरी होत नाहींत.

जागा ठरली म्हणजे मग पुढचे प्रश्न. पाण्याचा जोर किती? या गीझरमध्यें रबराचा एक पातळ पडदा असतो. वाहत्या पाण्याच्या दाबानें तो सरकला म्हणजेच गॅसची झडप उघडते. दाब कमी पडला तर तोटी कितीही फिरवा, ज्योत पेटत नाहीं. पाण्याची टाकी दहा मीटर उंच असेल तर एक बार दाब मिळतो. कमी दाबावर चालणाऱ्या गीझरलाही पाव बाराच्या आसपास दाब हवा, म्हणजे टाकी निदान अडीच मीटर वर असली पाहिजे. वरच्या मजल्यावर राहणाऱ्यांनीं ही गोष्ट विकत घेण्यापूर्वीं पाहावी. बादली आणि घड्याळ घेऊन नळाला मिनिटांत किती लिटर पाणी येतें तें एकदां मोजलें, तर दुकानदाराच्या शब्दावर विसंबावें लागत नाहीं. एका तोटीसाठीं मिनिटाला सहा लिटरांचा गीझर पुरतो. दोन तोट्या एकाच वेळीं चालवावयाच्या असतील तर दहाचा पाहावा.

तुमच्या घरीं गॅस सिलिंडरचा आहे कीं नळाचा, हेंही आधीं सांगावें. सिलिंडरमध्यें प्रोपेन आणि ब्यूटेन यांचें मिश्रण असतें. नळाच्या गॅसमध्यें मुख्यतः मिथेन असतो. दोहोंचा दाब निराळा आणि बर्नरचीं छिद्रेंही निराळीं. एकाचा गीझर दुसऱ्यावर जोडला तर ज्योत एक तर फडफडते किंवा काजळी धरते. सिलिंडरवर चालणाऱ्या लहान गीझरसाठीं भारतीय मानक संस्थेचें आय. एस. १५५५८ हें मानक आहे; तो क्रमांक आणि संस्थेचें चिन्ह पेटीवर आहे कीं नाहीं तें पाहावें. ज्योत विझली तर गॅस आपोआप बंद होणें, पाणी फार तापलें तर गॅस बंद होणें आणि ठरलेल्या वेळानंतर गीझर आपोआप बंद होणें, असे तीन पहारेकरी चांगल्या गीझरमध्यें असतात. ते असावेतच. परंतु एक गोष्ट ध्यानांत ठेवावी: यांपैकीं एकही पहारेकरी न्हाणीघरांतील हवा तपासत नाहीं. ती तुम्हीच तपासावयाची.

बसविण्याच्या वेळीं घरांतील एका जाणत्या माणसानें स्वतः उभें राहावें. मी उभा राहिलों नाहीं, त्याचें फळ सांगितलेंच. गीझर सज्जांत बसवावा, मात्र वाऱ्याच्या झोतांत किंवा पावसाच्या माऱ्यांत नव्हे, नाहीं तर ज्योत विझेल आणि पेटी गंजेल. तेथून ऊन पाण्याचा नळ न्हाणीघरांत न्यावा. नळ जितका आंखूड तितकें पाणी लौकर ऊन येतें. लांब असेल तर त्याला उष्णतारोधक वेष्टण घालावें. धुरांडें असेल तर तें वर चढत गेलेलें असावें, त्याचें तोंड मोकळ्या आकाशाकडे उघडावें, आणि आपल्या किंवा शेजाऱ्यांच्या खिडकीजवळ येऊं नये. इमारतीच्या मधल्या बंद बोळकांडींत तें सोडणें म्हणजे आपलें संकट शेजाऱ्याच्या दारीं ठेवणें होय. धुरांड्याच्या गीझरच्या खोलींत हवा बाहेर फेंकणारा विजेचा पंखा लावूं नये. तो पंखा धुरांड्यांतील वायु उलटा खोलींत ओढूं शकतो.

सिलिंडर न्हाणीघरांत कधींही ठेवूं नये आणि तो नेहमीं उभाच ठेवावा. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षां जड असतो, गळला तर जमिनीलगत सांठतो. म्हणून त्याच्याजवळ जमिनीलगत हवा खेळती हवी. नळाचा गॅस हवेपेक्षां हलका असतो, तो छताकडे जातो; त्याला वरचा झरोका हवा. रबरी नळी आय. एस. ९५७३ हें मानक असलेली, आंत तारेची जाळी असलेली घ्यावी, भिंतींतून नेऊं नये, आणि पांच वर्षांनीं बदलावी. तिच्यावर तारीख छापलेली असते. नळाच्या गॅसचें काम गॅस पुरविणाऱ्या कंपनीच्याच माणसाकडून करून घ्यावें. प्रत्येक सांध्याला साबणाचा फेस लावून पाहावा. बुडबुडे आले तर सांधा गळतो आहे. काडी ओढून गळती पाहणारे वीर अजूनही भेटतात, त्यांना या कामापासून दूर ठेवावें. आणि घरांत कार्बन मोनॉक्साइड ओळखून वाजणारी घंटा लावतां आली तर अवश्य लावावी. पिंजऱ्यांतील पक्ष्याचें काम आतां ही घंटा करते.

निगा राखणें हें काम फार अवघड नाहीं. तें नियमानें करणें अवघड आहे. आठवड्यांतून एकदां ज्योत पाहावी. निळी आणि स्थिर असेल तर ठीक; पिंवळी झाली, डोलूं लागली किंवा पेटीवर काजळी दिसली, तर तो गीझर त्याच क्षणीं बंद करून जाणत्या कारागिराला बोलवावें. महिन्यांतून एकदां गार पाण्याच्या नळावरील जाळी काढून धुवावी. तिच्यांत वाळू आणि गंज अडकतो. ठिणगीच्या बॅटऱ्या थंडीपूर्वीं बदलाव्या. जुन्या बॅटऱ्या आंतच पाझरल्या तर जोडणी खातात. विंधनविहिरीचें जड पाणी असेल तर तांब्याच्या नळींत क्षारांचा थर बसतो. पाणी कमी येतें, उकळल्यासारखा आवाज येतो आणि गॅस मात्र अधिक जळतो. असा थर लिंबूसत्वाच्या पाण्यानें निघतो. हें काम वर्षांतून एकदां कारागिराकडून करून घ्यावें. पाणी फार कढत करून मग त्यांत गार मिसळण्यापेक्षां गीझरच मंद ठेवावा, म्हणजे क्षारही कमी बसतात आणि गॅसही वांचतो. बर्नरचीं छिद्रें आणि धुरांडें वर्षांतून एकदां साफ करून घ्यावें. गॅसच्या छिद्रांत कोळ्याचें जाळें झालें तरी ज्योत बिघडते.

या सर्वांसाठीं वर्षांतील दिवस कोणता, तोही सांगतों: दसरा आणि दिवाळी यांच्या मधला. नरकचतुर्दशीच्या पहांटे घरोघर अभ्यंगस्नानें होतात. खिडक्या बंद, न्हाणीघराचें दार बंद, आणि एकामागून एक पांच-सहा माणसें त्याच खोलींत स्नान करून येतात. गीझर आंत असेल तर प्रत्येकाच्या स्नानागणिक तेथील हवा अधिक वाईट होत जाते. बंबाच्या काळीं शेवटीं न्हाणाऱ्याच्या वांट्याला कोमट पाणी येई. आज पाणी कढत येतें आणि हवा सर्वांत वाईट येते. शेवटीं न्हाणारी व्यक्ति बहुतेक घरांत आई असते, हें मी आपल्याला निराळें सांगावयास नको.

ज्यांच्या घरीं न्हाणीघराच्या आंतच बिनधुरांड्याचा गीझर आहे, त्यांनीं तो बाहेर हलवावा, हेंच खरें उत्तर. तो हलेपर्यंत मात्र एक नियम कडकपणें पाळावा. दार आणि झरोका सताड उघडा ठेवून आधीं बादली भरून घ्यावी. गीझर बंद करावा. चार-पांच मिनिटें हवा पालटूं द्यावी. मगच आंत जाऊन दार लावावें. ज्योत पेटलेली असतांना दार लावून आंत कोणीही असूं नये, वर झरोका असला तरीही.

आणि दुर्दैवानें कोणी न्हाणीघरांत कोसळलेंच तर? दार उघडून आधीं त्या माणसाला मोकळ्या हवेंत आणावें, गॅस मुख्य चावीवर बंद करावा, आणि महाराष्ट्रांत १०८ या क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. स्वतः त्या खोलींत क्षणभरही अधिक थांबूं नये. डॉक्टरांना पहिलें वाक्य सांगावें तें हें: 'घरीं गॅसचा गीझर आहे.' आपल्या देशांतील मज्जाविकारतज्ज्ञांनीं असे रोगी वर्णन केले आहेत, ज्यांचे झटके प्रथम अपस्माराचे वाटले आणि खरें कारण न्हाणीघराच्या भिंतीवर होतें. बोटाला लावण्याच्या ऑक्सिमीटरवरही येथें भरंवसा ठेवूं नये. तें यंत्र कार्बन मोनॉक्साइड धरून बसलेल्या रक्तालाही प्राणवायूनें भरलेलें समजतें आणि आंकडा चांगला दाखवितें. त्यासाठीं रक्ताची निराळी तपासणी आहे. साध्या हवेंत रक्तांतील निम्मा विषारी वायु निघून जाण्यास चार-पांच तास लागतात, शुद्ध प्राणवायु दिला तर एक-दीड तास. म्हणून शुद्धि आली, आतां घरींच विश्रांति घेऊं द्या, असें म्हणूं नये. स्मृतीचे आणि चालण्याबोलण्याचे दोष कांहीं आठवड्यांनींही दिसूं शकतात.

माझें सांगणें संपत आलें आहे. गॅसचा गीझर वाईट आहे असें मला म्हणावयाचें नाहीं. माझ्या बहिणीच्या घरीं आजही गॅसचाच गीझर आहे. फक्त तो आतां सज्जांत आहे, त्याला धुरांडें आहे, आणि न्हाणीघराच्या झरोक्यावरचा पुठ्ठा कायमचा गेला आहे. थंडीच्या पहांटे तेथें वारा येतो आणि स्नान करणारा थोडासा कुडकुडतो. माझी भाची माहेरीं आली म्हणजे त्या वाऱ्याविषयीं तक्रार करते. तिची ती तक्रार ऐकली कीं मला आणि माझ्या बहिणीला फार बरें वाटतें.

तेव्हां, श्रोतेहो, हें भाषण संपल्यावर एवढें एकच काम करा. उठून आपल्या न्हाणीघरांत जा, गीझर कोठें आहे तें पाहा, आणि मग झरोका उघडा आहे कीं नाहीं तें पाहा. उद्यां सकाळीं स्नानाला जाणारें माणूस आपल्याच घरचें आहे.